शूटर्स हिलवरचा सुवर्णदुर्ग : लंडनच्या सेव्हर्नड्रूग कॅसलची भेट

आधी सरळच सांगते. लंडनमध्ये राहणाऱ्या किंवा इथे फिरायला येणाऱ्या मराठी माणसाने एक रविवार या बुरुजासाठी राखून ठेवावा. टॉवर ब्रिज आणि राजवाडा सगळेच बघतात. आग्नेय लंडनमधल्या ऑक्सलीस वूड नावाच्या रानात उभा असलेला हा विटांचा बुरूज मात्र आपल्या कोकणातल्या एका किल्ल्याच्या नावाने बांधलेला आहे, आणि तिकीट काढून आत जाता येतं. माझ्याकडून पाचपैकी पाच.

मी मूळची हर्णैची. आमच्या पडवीतून सुवर्णदुर्ग दिसतो. सकाळी शाळेला निघताना समोर किल्ला आणि संध्याकाळी बंदरावर माशांचा लिलाव चाललेला असताना होड्यांच्या डोलकाठ्यांमागे पुन्हा तोच किल्ला. लग्नानंतर लंडनला आले, आता वुलिचला राहते, हॉस्पिटलात नर्स आहे. शूटर्स हिलवरून जाता-येता ‘सेव्हर्नड्रूग’ हे नाव मी कितीतरी वेळा वाचलं असेल. इंग्लंडमध्ये सेव्हर्न नावाची मोठी नदी आहे, तिच्यावरून काहीतरी असेल, असंच मी धरून चालले होते. एकदा बसमध्ये ते सहज तोंडातल्या तोंडात म्हटलं. सेव्हर्नड्रूग. सेव्हर्न-द्रुग. सुवर्णदुर्ग. अंगावर काटा आला. घरी येऊन बाबांना फोन लावला, तर ते आधी बोललेच नाहीत आणि मग म्हणाले, “अगो, मग मला ते दाखव.”

बाबा प्राथमिक शाळेत शिक्षक होते, आता निवृत्त. गणपती झाल्यावर तीन महिन्यांसाठी इकडे आले. ऑक्टोबरातल्या पहिल्या रविवारी बाबा, माझा नऊ वर्षांचा मुलगा आणि मी, तिघं निघालो. शूटर्स हिलवरच्या थांब्यावर उतरून झाडीतून दहाएक मिनिटं चढ चढावा लागतो. पायवाटेवर चेस्टनटची काटेरी फळं पडलेली असतात आणि ओकची पानं पिवळी पडायला लागलेली असतात. मग झाडं संपतात आणि एकदम समोर तो उभा राहतो.

पहिल्यांदा बघणाऱ्याला तो जरा कोड्यातच टाकतो. हा किल्ला नाही. बुरूजही आपल्यासारखा गोल नाही, तिकोनी आहे. तिन्ही कोपऱ्यांना सहा बाजूंचे उंच मनोरे आहेत आणि खिडक्या टोकदार कमानींच्या. उंची ६३ फूट. आजूबाजूला तट नाही, खंदक नाही. बाबा त्याच्याभोवती एक फेरी मारून आले आणि म्हणाले, “हे तर स्मारक आहे.” बरोबर. कमोडोर सर विल्यम जेम्स या आरमारी अधिकाऱ्याच्या आठवणीसाठी त्याच्या बायकोने, लेडी ॲन जेम्सने, १७८४ मध्ये हे बांधलं. नकाशा रिचर्ड जप यांनी काढला. ते ईस्ट इंडिया कंपनीचे वास्तुरचनाकार होते, म्हणजे इथेही कंपनी आलीच.

दारावरच्या शिलालेखापाशी आम्ही अर्धा तास थांबलो. मुलगा एकेक शब्द वाचत होता आणि मी बाबांना मराठीत सांगत होते. मजकूर असा आहे: सर विल्यम जेम्स यांनी ‘ईस्ट इंडीज’मध्ये कंपनीच्या आरमाराचं नेतृत्व करताना जे पराक्रम केले त्यांच्या स्मरणार्थ, आणि विशेष करून मलबार किनाऱ्याजवळचा सेव्हर्नड्रूगचा किल्ला जिंकल्याच्या नोंदीसाठी. तो किल्ला ‘त्यांच्या श्रेष्ठ शौर्यापुढे आणि कुशल नेतृत्वापुढे’ २ एप्रिल १७५५ रोजी पडला. वर्षं रोमन आकड्यांत कोरली आहेत. मुलाने ती बोटांवर मोजून सोडवली.

“मलबार?” बाबांनी विचारलं. त्या काळचे इंग्रज आपला अख्खा पश्चिम किनारा मलबारच म्हणायचे, म्हणून हर्णैही मलबारात. त्यावर बाबा काही बोलले नाहीत, पण ती ओळ त्यांनी मला पुन्हा वाचायला लावली.

हा जेम्स कोण, हे समजून घेतल्याशिवाय या भेटीला अर्थ नाही, म्हणून थोडं सविस्तर लिहिते. त्याचा जन्म १७२१ च्या सुमाराचा, वेल्समधल्या मिल्फर्ड हेवनजवळचा. घरची श्रीमंती नव्हती. पोरवयातच समुद्रावर गेला आणि १७४७ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत शिरला. तो इंग्लंडच्या राजाच्या आरमारात नव्हता, कंपनीच्या आरमारात होता. त्याला बॉम्बे मरीन म्हणत आणि त्याचं मुख्य काम मुंबई ते गोवा आणि पुढच्या किनाऱ्यावर कंपनीच्या व्यापारी जहाजांना सोबत करणं हे होतं. ही सोबत लागायची ती आंग्र्यांच्या भीतीने. ‘गार्डियन’ या जहाजावर त्याने दोन-तीन वर्षं हेच काम केलं आणि १७५१ मध्ये तो या आरमाराचा प्रमुख, कमोडोर झाला. तिशीत.

आपण आंग्रे म्हटलं की कान्होजी आठवतात, पण कान्होजी १७२९ मध्येच गेले. जेम्सच्या समोर होते तुळाजी आंग्रे. त्यांचं मुख्य ठाणं विजयदुर्ग, आणि उत्तरेकडचा मोठा आधार सुवर्णदुर्ग. पेशव्यांचं वर्चस्व ते मानायला तयार नव्हते. आणि इथे ती गोष्ट येते, जी दारावरच्या दगडात नाही. मार्च १७५५ मध्ये नानासाहेब पेशव्यांनी मुंबईकर इंग्रजांशी तह केला. पेशव्यांकडून बोलणी करणारे होते रामाजी महादेव बिवलकर आणि मुंबईचा गव्हर्नर होता रिचर्ड बुर्शिए. समुद्रातून इंग्रजांनी आणि जमिनीवरून पेशव्यांनी, असा तुळाजींवर दोन्हीकडून हल्ला करायचं ठरलं. आपल्याच आरमाराविरुद्ध आपलंच राज्य परक्याला हाताशी धरून उभं राहिलं. शाळेत बाबांनी हे वर्षानुवर्षं शिकवलं आहे. त्या दारात मात्र त्यांचा आवाज बसला.

२२ मार्चला जेम्स मुंबईहून निघाला. ४४ तोफांचं ‘प्रोटेक्टर’, १६ तोफांचं ‘स्वॅलो’ आणि ‘वायपर’ व ‘ट्रायंफ’ ही बाँबगोळे टाकणारी दोन गलबतं, एवढाच त्याचा ताफा. बरोबर पेशव्यांचं आरमार होतं. तुळाजींची गलबतं सुवर्णदुर्गाच्या बंदरातून बाहेर पडून दक्षिणेला पळाली आणि जेम्सने त्यांचा पाठलाग केला. इंग्रजांच्या इतिहासात या पाठलागाची एक नोंद आहे, ती मला विसरता येत नाही. वाऱ्याची एकही झुळूक वाया जाऊ नये म्हणून आंग्र्यांच्या खलाशांनी असतील नसतील ती शिडं लावलीच, वर अंगातले कपडे आणि डोक्यावरची पागोटीसुद्धा दोरांना बांधून फडकवली. गलबतं हलकी व्हावीत म्हणून आतलं सामान समुद्रात फेकलं. ती निसटली. हे मी मुलाला सांगितलं, तेव्हा त्याने विचारलं, “मग ते पोचले का घरी?” त्या दिवशी तरी पोचले, बाळा.

पाठलाग सोडून जेम्स मागे फिरला आणि सुवर्णदुर्गावर आला. हा किल्ला बेटावर आहे. त्याच्या समोर, हर्णैच्या बाजूला जमिनीवर गोवा किल्ला, फत्तेगड आणि कनकदुर्ग असे तीन लहान किल्ले आहेत. मुख्य किल्ल्याला पाठबळ म्हणून ते बांधलेले. आज फत्तेगडावर कोळ्यांची वस्ती आहे आणि कनकदुर्गावर दीपगृह. पेशव्यांची फौज जमिनीच्या बाजूने आली होती. जेम्सने आधी पश्चिमेकडून, उघड्या समुद्राच्या बाजूने तोफा डागल्या. फारसं काही झालं नाही. किल्ल्यातून फुटून आलेल्या एका माणसाकडून त्याला कळलं की त्या बाजूचा तट अखंड खडकात कोरलेला आहे. ज्यांनी होडीतून किल्ल्याला फेरी मारली आहे त्यांना हे डोळ्यांसमोर येईल: खडक कुठे संपतो आणि चिरेबंदी कुठे सुरू होते, ते जवळ गेल्याशिवाय कळत नाही.

मग त्याने जे केलं ते खरोखर धाडसाचं होतं, हे मान्य करायला हवं. किल्ला आणि किनारा यांच्या मधल्या उथळ पाण्यात त्याने आपली जहाजं घातली. एका बाजूला सुवर्णदुर्गाच्या तोफा, दुसऱ्या बाजूला किनाऱ्यावरच्या किल्ल्यांच्या तोफा आणि खाली तळ लागायची धास्ती. आमच्याकडचे नाखवे आजही त्या पट्ट्यातून ओहोटीला जपून जातात. तिथे ४४ तोफांचं जहाज नेणं म्हणजे पाण्याची खोली हातोहात मोजत जाणं. अगदी जवळून मारा सुरू झाला. एक गोळा किल्ल्यातल्या गवताने शाकारलेल्या घरावर पडला, आग लागली आणि ती दारूच्या कोठारापर्यंत गेली. कोठार उडालं. किल्ल्यात बायकामुलंही होती. जीव वाचवायला लोक होड्यांतून किनाऱ्याकडे निघाले, त्यांतले बरेच ‘स्वॅलो’ने पकडले. किनाऱ्यावरच्या किल्ल्यांनी शरणागती पत्करली. सुवर्णदुर्गाचा किल्लेदार मात्र गोवा किल्ल्यातून बेटावर परतून पुन्हा लढायच्या बेतात होता, तेव्हा जेम्सने निम्मे खलाशी बेटावर उतरवले. त्यांनी दिंडी दरवाजा कुऱ्हाडीने फोडला आणि ते आत शिरले.

ते आत गेले तो दरवाजा मी शंभरदा बघितला असेल. सुवर्णदुर्गाच्या मुख्य दरवाजाच्या पायरीवर कासव कोरलं आहे आणि बाजूच्या तटात मारुती. बाबांनी फोनमधला त्याचा फोटो काढून मुलाला दाखवला. सहलीला गेलेल्या मुलांचे पाय त्या कासवाला लागू नयेत म्हणून बाबा दरवेळी आधी जाऊन तिथे उभे राहायचे. ही गोष्ट मला त्या दिवशी लंडनमध्ये पहिल्यांदा कळली.

सुवर्णदुर्ग पुढे तहाप्रमाणे पेशव्यांकडे गेला. इंग्रजांना बाणकोट मिळालं, त्याला त्यांनी फोर्ट व्हिक्टोरिया असं नाव दिलं. जेम्सचं काम इथे संपलं नाही. त्याच वर्षाच्या अखेरीस तो विजयदुर्गाची टेहळणी करून आला. पाणी मोजलं, तटांची उंची बघितली, आणि लोक सांगतात तेवढा तो किल्ला अजिंक्य नाही असं कळवलं. फेब्रुवारी १७५६ मध्ये ॲडमिरल वॉटसन आणि क्लाइव्ह तिथे पोचले आणि एका संध्याकाळी तुळाजींचं सगळं आरमार बंदरात जळून गेलं. सुमारे दहा लाखांची लूट इंग्रजांनी आपसात वाटून घेतली. तुळाजी पेशव्यांच्या कैदेत गेले आणि कैदेतच त्यांचा शेवट झाला. माझं प्रामाणिक मत असं आहे की जेम्सची खरी हुशारी सुवर्णदुर्गावरच्या तोफांत नाही, ती या टेहळणीत आहे. सगळे ज्या किल्ल्याला घाबरत होते तिथे जाऊन त्याने स्वतः दोरी सोडून पाणी मोजलं.

त्याच्या पुढच्या आयुष्याकडे थोडक्यात जाते. फ्रान्सशी युद्ध सुरू झाल्याची बातमी बंगालमध्ये वॉटसन-क्लाइव्हना पोचवायची होती आणि वारे उलटे होते. जेम्स विषुववृत्ताच्या खाली उतरला आणि सुमात्र्याच्या टोकाकडून वर चढून हुगळीत शिरला. त्या ऋतूत असा प्रवास करता येतो हे त्याने दाखवून दिलं. १७५९ मध्ये भरपूर पैसा घेऊन तो इंग्लंडला परतला आणि एल्थमला, म्हणजे या टेकडीच्या पायथ्यालाच, त्याने मोठी जागा घेतली. कंपनीचा संचालक, पुढे अध्यक्ष, वेस्ट लू मतदारसंघाचा खासदार, १७७८ मध्ये बॅरोनेट, म्हणजे वंशपरंपरेने चालणारा ‘सर’ किताब. मुलीच्या लग्नाच्याच दिवशी, १६ डिसेंबर १७८३ रोजी, तो झटका येऊन गेला. पुढच्याच वर्षी हा बुरूज उभा राहिला. लेडी जेम्सला आपल्या घराच्या वरच्या टेकडीवर नवऱ्याचं नाव राहावं असं वाटलं, त्यात मला काही गैर वाटत नाही. आपल्याकडेही बायकांनी नवऱ्याच्या मागे देवळं बांधली, घाट बांधले.

आता प्रत्यक्ष भेटीबद्दल. बुरूज चालवतात ते स्वयंसेवक, बहुतेक आसपासचेच. जागा लंडन कौंटी कौन्सिलने १९२२ मध्ये विकत घेतली आणि पुढे कितीतरी वर्षं इथे चहाची खोली चालत होती. १९८० च्या दशकात ती बंद पडली, खिडक्यांना फळ्या ठोकल्या गेल्या. इथे खाजगी ऑफिस करायचा घाट घातला गेला, तेव्हा रहिवाशांनी २००३ मध्ये ट्रस्ट काढला, पैसे गोळा केले, आणि दुरुस्ती होऊन २०१४ मध्ये दार पुन्हा उघडलं. दहा वर्षांहून जास्त काळ एका पडक्या बुरुजासाठी सभा घेत राहायचं, हे सोपं नाही. आमच्याकडे गोवा किल्ल्यावरचं गवत काढायला चार माणसं जमवताना बाबांना काय करावं लागतं ते मला माहीत आहे, म्हणून या लोकांबद्दल मला फार वाटतं.

वर जायला ८६ पायऱ्या. मुलाने मोजल्या, बरोबर भरल्या. जिना गोल आणि अरुंद आहे. बाबांचे गुडघे दुखतात, त्यामुळे आम्ही प्रत्येक मजल्यावर बसत गेलो. कोणी घाई केली नाही, उलट एका स्वयंसेवक बाईंनी खुर्ची आणून दिली. पूर्वी खालच्या दालनात सुवर्णदुर्गाहून आणलेली शस्त्रं मांडलेली असत, असं जुन्या वर्णनांत आहे. आज त्यातलं तिथे काही नाही. बाबांनी ती रिकामी भिंत बराच वेळ बघितली. काय असेल तिथे, भाले? ढाली? कोणाच्या हातातल्या?

आणि मग गच्ची. टेकडीच मुळात ४३२ फूट उंच, त्यात बुरूज. एका बाजूला कॅनरी वॉर्फच्या काचेच्या इमारती, शार्ड, थेम्सचं वळण आणि पार पलीकडे वेंब्लीची कमान. पाठ फिरवली की केंटच्या टेकड्या आणि खाली नुसती झाडांची डोकी. हवा स्वच्छ होती. ग्रीनिच आणि पॅरिसच्या वेधशाळा मोजमापाने जोडण्याचं काम १७८० च्या दशकात विल्यम रॉय यांनी केलं, तेव्हा हा बुरूज त्यांच्या त्रिकोणांतला एक बिंदू होता. पुढे १८४८ मध्ये लंडनच्या सर्वेक्षणासाठीही तो वापरला गेला. बाबा भूगोल शिकवायचे, त्यांना हे फारच आवडलं. त्यांनी मुलाला कठड्यापाशी उभं करून दोन हात पसरवायला लावले आणि कोन कसा मोजतात ते दाखवलं. बाजूचं एक इंग्रज जोडपंही ऐकत थांबलं. मी भाषांतर करत होते.

खाली चहाच्या खोलीत घरगुती केक मिळतात. आम्ही गाजराचा केक, एक स्कोन आणि तीन चहा घेतले. केक ताजा होता, स्कोन गरम. चहा दुधाचा आणि कडक, बाबांना चालला. ऊन असेल तर बाहेरच्या बाकांवर बसा.

चहा घेताना त्या खुर्चीवाल्या बाई आमच्यापाशी आल्या. कुठून आलात म्हणाल्या. बाबांनी फोनमध्ये आमच्या पडवीतून काढलेला किल्ल्याचा फोटो पुढे केला आणि इंग्रजीत म्हणाले, “हा खरा.” बाई बघतच राहिल्या. इतक्या वर्षांत तिथल्या माणसाला पहिल्यांदाच भेटतेय, म्हणाल्या. नाव कसं म्हणायचं ते विचारलं. बाबांनी शाळेत शिकवतात तसं तोडून सांगितलं: सु-वर्ण-दुर्ग. सुवर्ण म्हणजे सोनं, दुर्ग म्हणजे किल्ला. चौथ्या खेपेला त्यांना ‘र्ण’ जमला. मग रामाजी महादेव, पेशवे, तह, हे सगळं बाबांनी सांगितलं आणि बाईंनी लिहून घेतलं. जुलै २०२५ मध्ये मराठा लष्करी वास्तूंना जागतिक वारशाचा दर्जा मिळाला, त्या बारा किल्ल्यांत सुवर्णदुर्ग आणि विजयदुर्ग दोन्ही आहेत, हेही सांगितलं. दारावरचा दगड १७८४ चा आहे, त्यात एकाच बाजूचं असणार. पण दाराच्या आत बसलेली माणसं ऐकून घेणारी आहेत, आणि पाचपैकी पाच मी त्यासाठी देते आहे.

जाणाऱ्यांसाठी: बुरूज मुख्यतः रविवारी उघडा असतो. इथे लग्नंसुद्धा होतात, त्यामुळे निघण्याआधी वेळ बघूनच घ्या. ४८६ किंवा ८९ नंबरची बस शूटर्स हिलवर सोडते. पाऊस झाला असेल तर वाट निसरडी असते, चांगले बूट घाला. लहान मुलांना जिन्यात हात धरून न्या. वेळ उरला तर तिथूनच ग्रीनिचला जा. तिथल्या राष्ट्रीय सागरी संग्रहालयाच्या संग्रहात जोशुआ रेनॉल्ड्स यांनी काढलेलं जेम्सचं चित्र आहे. तो दिसायला कसा होता ते बाबांना बघायचं आहे, पुढच्या रविवारी आम्ही तिकडे जाणार आहोत. आणि जाताना तुमच्या फोनमध्ये सुवर्णदुर्गाचा एक चांगला फोटो असू द्या. तिथली माणसं विचारतात.